बसलेलं काडतूस

दसऱ्याच्या पूजेसाठी विळ्या-कोयत्यांना तेल लावलं, की त्या वासासरशी मला वडिलांचं रिव्हॉल्वर आठवतं. निजामाच्या काळात पाटीलकीमुळे परवान्यावर मिळालेलं. आदिलाबाद जिल्ह्यातलं आमचं बेल्याकडचं मराठी गाव आंध्रात गेलं, त्याच सुमारास त्याची काडतुसं संपली आणि वडील मला घेऊन आदिलाबादच्या बंदुकीच्या दुकानात गेले. ‘वो माल अब नहीं आता,’ दुकानदार जांभई देत म्हणाला. वडिलांनी नवं काडतूस मागून घेतलं, रिव्हॉल्वरच्या चक्रीत सरकवलं, तर ते अलगद बसलं. ‘बसलं नं! मंग काऊन नाई म्हंता?’ ‘बैठता है, मगर चलाना मत. ये पुरानी काली बारूद का है, नई से हाथ में फट जाएगा.’ वडिलांनी काडतूस काढून परत दिलं. घरी येताना गाडी हाकणारा शेजारी त्यांची समजूत घालत म्हणाला, ‘आंध्रात बी बसूच की आपन काका, हळूहळू.’ वडील बैलांच्या पाठीकडे बघत म्हणाले, ‘बसाले काय जाते रे.’ पुढे रिव्हॉल्वर त्यांनी ठाण्यात जमा केलं. आम्ही मात्र बसलो. घर न हलवता आता हे तिसरं राज्य.