वरातीतला ट्रम्पेट

ट्रम्पेट ओठांवरून काढून त्याचं तोंड जमिनीकडे केलं, की समजायचं, मास्तर थकले. त्यांच्या बँडमधली ती ठरलेली खूण. मग क्लॅरिनेटवाला पुढे यायचा आणि तीच धून आपल्या मनाप्रमाणे वळवून वाजवायचा. तुम्ही वरातीत नाचला असाल, तर असाच तुकडा तुम्हाला सर्वांत जास्त आवडला असेल.

मास्तर जठारपेठेत आमच्या घरामागेच राहायचे. पोलीस बँडमधून निवृत्त झाल्यावर त्यांनी लग्नाचा बँड काढला होता. म्हणायचे, "भाऊ, परेडीत एकट्यानं वाजवलं त सजा. वरातीत एकट्यानं वाजवलं त बक्षीस!"

अमेरिकेतलं जॅझही असंच, पलटणीच्या बँडची वाद्यं आणि चाली घेऊन मिरवणुकांतून घडत गेलं, असं मी वाचलं होतं. त्यांना सांगितलं, तर हसले. "म्हंजे थे आपले सोयरेच निंगाले! तिकडं नवरदेवाले घोडा असते का?"

मला मात्र त्यांचं वाजवणं ऐकताना भीती वाटायची. हृदय कमजोर आहे, फुंकणं बंद करा, असं डॉक्टरांनी बजावलं होतं. वरचा सूर लांबला की त्यांच्या मानेची शीर फुगायची. तो संपेपर्यंत माझाच श्वास अडकायचा.

"मास्तर, आता पुरे करा."

"बंद करून काय करू? तुमच्यावानी पेपर वाचत बसू?"

माझ्या पुतण्याची वरात अकोटला होती. उन्हं कलली होती. मंडप समोर दिसत असताना ट्रम्पेट खाली आला. क्लॅरिनेटवाला सरसावला, पोरं चेकाळली. पण मास्तरांचा दुसरा हात जनरेटरच्या गाडीची कड चाचपत होता. मी दोन्ही हात वर करून ओरडलो, "थांबवा!"

"काका नाचून राहिले!" म्हणत पोरांनी मलाच आत ओढलं.

हिसडा देऊन सुटलो, तेव्हा मास्तर रस्त्यावर बसले होते. "बँड बंद नोका करू. नवरदेव उतरला नाई अजून."

एका दुकानदाराच्या मदतीने त्यांना ऑटोत घातलं. मागे वरात वाजतच होती.

"कसा वाजवून राहिला थो?"

"चांगला."

"घाई करते," ते म्हणाले.

त्यांची बोटं माझ्या मनगटावर ठेका धरून होती. दवाखान्याच्या फाटकाशी बँड ऐकू येईनासा झाला होता, आणि बोटंही थांबली होती. आधी काय थांबलं, ते मला आजही सांगता येत नाही.