पऱ्ह्यात उतरलेला पाहुणा

लाखांदूरजवळच्या खेड्यातली हर्षा दिवसा कॉम्प्युटरच्या क्लासात शिकवायची आणि घरी आली की कार्टून काढायची. माणसं हिरवी, घरं कौलारू, आभाळात चंद्र दोन. त्यांच्या गावात पृथ्वीवरचा माणूस यानातून उतरतो आणि सगळे त्यालाच भूत समजून भितात, अशी उलटी गोष्ट. आवाज सगळे हर्षाचेच, कोंबडीचासुद्धा.

तिला एकच पाहिजे होतं, आईने हसावं. मंगलाबाई, तिची आई, रोवण्याच्या, म्हणजे धानाच्या लावणीच्या कामात वाघीण, हसण्यात मात्र कंजूष.

समाजमंदिराच्या भिंतीवर हर्षाने गावाला कार्टून दाखवलं. डोक्यावर काचेचं मडकं घातलेला माणूस उतरला, हिरवी माणसं चुलीमागे दडली, लोक पोट धरून हसले. मग त्याने पाय ठेवला तो थेट पऱ्ह्यात. धानाची कोवळी रोपं तुडवत झेंडा रोवला आणि हसणं तिथंच थांबलं.

"पऱ्हे खुंदून राहिला नं हा," म्हातारे गोमाजी म्हणाले. "हाकला याले आधी."

"काका, हे चंद्रापलीकडचं गाव आहे."

"असन. पऱ्हे त धानाचेच आहेत ना, बाई."

शेवटी हिरव्या लोकांनी पाहुण्याला हार घातला, तेव्हा अर्धं गाव उठून गेलं होतं. मंगलाबाई बसून होती, पण तोंड मिटलेलं.

घरी ताट वाढताना ती म्हणाली, "हार कायले घातला वो त्याले? रोवण्याले लावाचं होतं."

दुसरी कोणी रुसून बसली असती. हर्षाने महिनाभर खपून केलेला शेवट पुसून टाकला. मग रोवणं कसं करतात ते बघायला आईला अंगणात वाकायला लावलं. हातात रोपांची जुडी, एकेक रोप लावत आई मागे मागे सरकत गेली, पार भिंतीला टेकली. हर्षा बघतच राहिली. तिला शेवट सापडला होता.

समाजमंदिराच्या भिंतीवर पुन्हा कार्टून लागलं. आता पाहुणा चिखलात वाकलेला आणि हिरवी म्हातारी बांधावरून ओरडते आहे, "ओळ धर बापा, झोपला काय?" बोलणं अगदी मंगलाबाईच्या ठसक्यातलं. रोप लावत, मागे सरकत पाहुणा बांध चढला आणि ढुंगणाकडून थेट यानात शिरला. दार लागलं. गाव जिंकायला आलेला माणूस शेत लावून देऊन उडाला.

गोमाजींना हसता हसता ठसका लागला. मंगलाबाईने आधी पदर तोंडाला लावला, मग तोही सुटला. डोळे पुसत ती म्हणाली, "मलेच बसवलं वो हिनं त्या बांधावर."

हसणं ओसरल्यावर मात्र बोललीच, "मधातली ओळ वाकडी गेली पाव्हण्याची."

हर्षाने घरी जाऊन तीही सरळ केली.