अविधवा नवमीचं पान

आत्माराम खांबेटे यांच्यासमोर १८९७ साल चुकूनही काढायचं नाही, असा आम्हा इंदिरा नगरच्या मराठी मंडळींचा अलिखित नियम होता. वनस्पतिशास्त्रज्ञ म्हणून निवृत्त झालेला माणूस, पण एकदा सुरू झाले की दुष्काळ, पुण्याचा प्लेग, बारा जूनचा आसामचा भूकंप, राणीच्या राज्याची साठ वर्षं, सगळं तारीखवार ऐकून घ्यावं लागे. चहा गार होई. त्यांच्या लेकीनं, कौमुदीनं, तर त्यांचं नावच 'सत्त्याण्णव' ठेवलं होतं.

या वेडाचं मूळ त्यांची पणजी. लीलावती, वय पंचवीस. त्या साली तिला पुण्यात प्लेगच्या इस्पितळात नेलं आणि ती तिथंच गेली. नवऱ्याआधी गेलेल्या बाईसाठी पितृपक्षातल्या नवमीला सवाष्ण जेवू घालतात. गेली बावीस वर्षं खांबेट्यांची सवाष्ण मी. फौजी नवऱ्याबरोबर लखनौला आले नि इथेच रुजले. मला खिरीशी मतलब, तुमच्या पणजीशी नाही, असं मी काकांना तोंडावर म्हणायची आणि ते हसायचे.

यंदा पान वाढलं होतं, मी बसले होते, आणि काका हसत नव्हते. पुण्याहून त्यांच्या पुतणीनं, स्वरदानं, त्या इस्पितळाच्या नोंदवहीचे फोटो पाठवले होते. काकांनी मोबाइल माझ्या हातात दिला. घरच्या वहीत लीलावतीचा मृत्यू दहा मार्चचा. इथे तीन एप्रिलला लिहिलं होतं, 'बरी झाली. घरी निरोप पाठवला.' मग पुन्हा निरोप. वीस एप्रिलला तिसरा. 'नेण्यास कोणी आले नाही. सोडून दिली.' पुढे तिचं नाव नाही.

मी दोनदा वाचलं. तिथे कोणाच्या हातचं खाल्लं, कोण कोण शिवलं, त्या काळी बाईला घरात परत न घ्यायला एवढं पुरे होतं, हे मला कोणी सांगायला नको होतं. घरच्यांनी तिचे दिवस करून टाकले होते, आणि मे महिन्यात पणजोबा पुन्हा बोहल्यावर चढले होते. आठ वर्षांच्या ज्या मुलानं जिवंत आईला पिंड दिले, ते काकांचे आजोबा.

कौमुदीनं हळूच विचारलं, "पापा, फिर वो मरी कब?"

तारखांचा तो माणूस म्हणाला, "माहीत नाही." मग माझ्याकडे वळून, "नयना, पहिल्या नवमीला आमच्या घरी तिच्या नावानं सवाष्ण जेवली असेल. त्या दिवशी ती स्वतः कुठे जेवली? जेवली तरी का? तू जेवायचं की नाही ते तूच ठरव. मला काही सुचत नाही."

मला चीड आली, रडू आलं, आणि सगळ्यात आधी शरम वाटली. जिवंतपणी मारलेल्या बाईच्या नावानं मी बावीस वर्षं खीर ओरपली होती. भरल्या पानावरून उठू नये म्हणतात. मी उठले.