मुदत संपलेली फाईल

सरकारी खात्याच्या रेकॉर्ड रूममध्ये नरहरनं निवृत्तीपर्यंत चौतीस वर्षं काढली. माणूस नियमाचा इतका पक्का, की सहकारी पाठीमागे हसायचे आणि अडलं की त्याच्याकडेच यायचे. म्हणून तर धाकटी बहीण मंदाकिनी निर्धास्त होती.

तिचे यजमान दत्तात्रय जाऊन वीस वर्षं झाली. हिंदी मुलखातल्या त्या शहरात अशोका गार्डन वस्तीतल्या त्यांच्या घराला भाव आला तशी दीर अरविंदला जाग आली. घर वडिलांच्या पैशातून घेतलंय, अर्धं माझं, असा त्यानं दावा ठोकला. दत्तात्रय नरहरच्याच खात्यात होते. सरकारी नोकरानं घर घेतलं की पैसा कुठून आणला हे लेखी कळवावं लागतं, तसं त्यांनी कळवलं होतं. सगळा पैसा त्यांच्या प्रॉव्हिडंट फंडातला होता. ते पत्र मिळालं की घर वाचणार, आणि त्यासाठी कोर्टाकडून दोनदा मुदत घेऊन झाली होती.

तिसऱ्या तारखेच्या आदल्या दिवशी खात्याचं उत्तर नरहरच्या हाती पडलं. जपून ठेवायची मुदत संपली म्हणून ती फाईल सोळा वर्षांपूर्वी नष्ट केलेली होती. सोबत नष्ट केलेल्या फायलींच्या यादीची नक्कल, खाली सही त्याचीच.

सही पाहिली आणि विसरलेला तो दिवस त्याला लख्ख आठवला. बाकीचे कारकून नात्यातल्यांच्या फायली नष्ट करण्याआधी घरी निदान निरोप तरी द्यायचे. यानं मेहुण्याचं नाव वाचलं, आतलं घराचं पत्रही वाचलं, आपल्या माणसाला वेगळा नियम कशाला म्हणाला आणि फाईल नष्ट करायच्या गठ्ठ्यात टाकली. वर स्वतःचा अभिमानही वाटून घेतला. आता काय बोलावं या माणसाला!

रात्रभर तो कुणाला काही बोलला नाही. सकाळी कोर्टात वकील मृणाल मुदतीचा अर्ज आणि शपथपत्र घेऊन तयारच होती. फाईल कार्यालयात आहे, यायला वेळ लागतोय, असा मजकूर होता. मंदाकिनीनं चष्मा लावला.

"दादा बघतोय म्हणजे मिळणारच," असं म्हणून तिनं पेन उघडलं.

"थांब," नरहर म्हणाला. "सही करू नकोस. खोटं आहे ते." आणि उभ्या उभ्या त्यानं सगळं सांगून टाकलं. शरमेनं त्याची मान वर होईना.

"ह्यांचं नाव वाचलं होतंस?" तिनं विचारलं.

"वाचलं होतं."

"मग मला एकदा विचारावंसं वाटलं नाही?"



मृणालनं दुसरा अर्ज लिहायला घेतला. फाईल राहिली नाही, पण ती वाचलेला माणूस आहे, त्याची साक्ष घ्यायला वेळ द्यावा. "काका, भावाची साक्ष किती मानतील, सांगता येत नाही," ती म्हणाली. आपल्याच बेपर्वाईची कबुली भर कोर्टात द्यावी लागणार, हे नरहरला कळत होतं. तो हो म्हणाला. मंदाकिनीनं सही केली.

"तीसरी बार समय माँग रहे हैं," न्यायाधीश म्हणाले. "अब क्या लाएँगे?"

"गवाह, सर," मृणाल म्हणाली.

पंधरा दिवस मिळाले, तेही शेवटचे.

बाहेर आल्यावर नरहरनं नेहमीसारखी दोघांसाठी रिक्षा थांबवली. मंदाकिनी आत बसली आणि पिशवी शेजारच्या जागेवर ठेवली.

"तारखेला वेळेवर ये," ती म्हणाली. "साक्षीदार म्हणून ये. भावाचं मग बघू."