अडीच आणि पावणेदोन

कमलमावशी गेल्याचा फोन आला तेव्हा मी पांढुर्ण्याच्या बाजारात पत्रकं वाटत होते. उरलेला गठ्ठा पिशवीत कोंबला आणि मोहगावकडे निघाले. त्याला महिना झाला. लोक विचारतात, ती तुझी कोण? नात्याची कुणी नाही. आमच्या संघटनेच्या सभेला सगळ्यांआधी येऊन सतरंजी झटकणारी बाई. आणि माझी चूक मला तोंडावर सांगणारं एकमेव माणूस...

चूक सांगूनच टाकते. मावशीची नात प्रियंका आठवी पास झाली आणि मोहगावच्या शाळेत जाऊ लागली. त्यांच्या वस्तीपासून नाल्यापर्यंत अडीच किलोमीटर, नाल्यापासून शाळेपर्यंत पावणेदोन. पोरींना गाडी मिळावी म्हणून मी अर्ज लिहिला, त्याचंच पत्रक छापलं. दोन पूर्णांक एक छेद दोन, एक पूर्णांक तीन छेद चार. घाईत वरचे आकडे वरच्यांत मिळवले, खालचे खालच्यांत. तीन पूर्णांक चार छेद सहा! अर्ज देऊन आल्यावर वस्तीत मोठ्यानं वाचून दाखवला. मावशी संत्र्याच्या पेटीत वाळलं गवत अंथरत होती. हात न थांबवता म्हणाली, "चाराच्या आत कसं वो पोरी? ह्या रस्त्यावर गिट्टी टाकली मी. अर्धा म्हणजे दोन पाव, पाऊण म्हणजे तीन पाव. झाले पाच पाव, म्हणजे सव्वा. दोन नं एक तीन, वर सव्वा... सव्वाचार होते!"

"मावशी, छापून झालं आता. पाव-अर्ध्यानं काय बिघडते?"

"तुह्यं काय बिघडते? रोज तं माही नात चालून राहिली."

बायका हसल्या. मीही हसले. अर्ज बदलला नाही.

शिक्षण कार्यालयाचं उत्तर आलं: गाडी चार किलोमीटरच्या पुढे मिळते, तुमच्याच आकड्याप्रमाणे अंतर कमी आहे. रस्ता कुणी मोजला नाही, ते पाप कार्यालयाचं. त्यावर मी तावातावानं भाषण ठोकलं. माझ्या बेरजेबद्दल त्यात अवाक्षर नव्हतं. मावशी पुढेच बसली होती. तिनं टाळ्या वाजवल्या नाहीत. पोरीनं एवढं एकटीनं चालायला नको म्हणून दिवाळीनंतर घरच्यांनी प्रियंकाची शाळा बंद केली.

मावशीच्या पुण्यानुमोदनाला, श्रद्धांजलीच्या कार्यक्रमात, बोलायला माझं नाव पुकारलं. मी उठले नाही. हल्ली त्या रस्त्यानं जाते तेव्हा मागून कुणी पाव मोजत येतंय असं वाटतं... वळून पाहायची हिंमत होत नाही.

परवा नवा अर्ज घेऊन मावशीच्या घरी गेले. सव्वाचार, ठळक अक्षरात. खाली प्रियंकाचं नाव. प्रियंकानं बोट ठेवून आकडे वाचले, ओठांतल्या ओठांत बेरीज केली.

"बरोबर आहे, ताई. पण माह्यं नाव काढा. शेजारची पोरगी यंदा आठवीत आहे, तिचं टाका."

"तू पुन्हा शाळेत..."

"उशीर होऊन राहिला मले."

दाराशी मावशीच्या चपला होत्या, टाचेला झिजलेल्या. प्रियंकानं त्या पायात सरकवल्या आणि ती संत्र्याच्या कामावर निघून गेली.