चढता चालू, उतरता बंद

त्या उन्हाळ्यात उदगीरला आमच्या गल्लीत बारा-तेरा दिवसांनी नळ यायचा. तोही जेमतेम तासभर, आणि किती वाजता ते वॉल्व्ह सोडणाऱ्यालाही माहीत नसे. अशात मुलगी पहिल्या बाळंतपणाला माझ्याकडे आली. नांदेडच्या विहीणबाईंनी फोनवर स्वच्छ सांगितलं, "जयभीम, ताई. आमच्याकडं एक दिवसाआड पाणी हाय. तुम्ही बाळंतिणीला अंघोळ कशानं घालणार? पाण्याची एक पाळी जरी हुकली तर मी गाडी घेऊन येते अन् दोघांना घेऊन जाते."

त्यांचं काही चुकत नव्हतं. म्हणूनच मला भीती वाटायची. मुलगी सव्वा महिना माझ्याकडे राहणार की बाराव्या दिवशीच जाणार, हे एका नळावर ठरणार होतं.

नळ रस्त्याखालच्या खड्ड्यात. खड्डा भरला की मोटर लावायची, पाणी वरच्या टाकीत जायचं. खड्डा लहान, म्हणून तासाभरात मोटर दहा-बारा वेळा चालू-बंद करावी लागे. रिकाम्या खड्ड्यावर मोटर चालली तर जळते. आदल्या वर्षी माझी तशी जळाली होती आणि सगळी पाळी हातची गेली होती. मोटरचं बटण वर जिन्याच्या तोंडाशी होतं, तिथून खड्डा दिसत नसे. टाके पडलेल्या मुलीला जिना उतरायची बंदी, आणि मी दिवसभर तंत्रनिकेतनात.

इलेक्ट्रॉनिक्स शिकवणं हा माझा पेशा. आवाजाचं वेड मात्र मुदखेडचं. तिथे वडील लग्नाच्या बँडवाल्यांचे ऑर्गन दुरुस्त करायचे. पुढे मी हळूहळू एक मॉड्युलर सिंथेसायझर बांधला. त्याला पट्ट्या नसतात. लाकडी खोक्यात सुटे सुटे भाग, प्रत्येकाचं एकच काम, आणि कोणाचं काम कोणाला द्यायचं ते आपण वायरींनी ठरवायचं. त्यातला सिक्वेन्सर म्हणजे ओळीने लावलेल्या खुंट्या. एकेका खुंटीवर एकेक सूर बांधून ठेवला की तो ते सूर क्रमाने वाजवतो. आणि सिक्वेन्शियल स्विच म्हणजे पाळी लावणारा. विजेची टिचकी आली की पहिल्या दारातून वाट देतो, पुढची आली की दुसऱ्या, मग परत पहिल्या. टिचकी का आली, हे तो विचारत नाही.

खड्ड्यात मी पाण्यावर तरंगणारे दोन फ्लोट बसवले, एक काठाशी, खड्डा भरला की टिचकी देणारा, आणि एक तळाशी, रिकामा झाला की देणारा. वरपर्यंत न्यायला जुनी एकच वायर होती, म्हणून दोघांची टिचकी तिच्यातूनच पाठवली. कोणत्या फ्लोटची टिचकी ते कळायचं नाही, पण कळायची गरजही वाटली नाही. खड्डा एकदा भरणार, एकदा रिकामा होणार. स्विच पाळीपाळीने दोन सिक्वेन्सर वाजवेल. चढते सूर आले की मोटर चालू, उतरते आले की बंद.

"उतरता सूर ऐकला की बटण बंद," मी मुलीला बजावलं. "बाळ रडत असलं तरी आधी बटण. विचार करत बसायचं नाही."

"आई, मी तुझी विद्यार्थिनी नाही."

"मोटर जळाली तर दुसऱ्याच दिवशी नांदेडात असशील."

ती भीती मीच तिच्यात भरली.

चाचणी एका घागरीच्या पाण्यावर केली. खड्ड्याऐवजी टबात फ्लोट ठेवले, तांब्याने सावकाश पाणी सोडलं, सावकाश काढलं आणि तेच पुन्हा घागरीत भरलं. एक थेंब सांडू दिला नाही. चढता, उतरता, चढता, उतरता. वीस वेळा बरोबर.

पाळी आली ती नेमकी माझ्या परीक्षेच्या ड्यूटीच्या दिवशी. मोबाइल बाहेर जमा. पेपर संपवून रिक्षाने आले तर गल्लीच्या तोंडापासून गटार वाहत होतं. मार्च-एप्रिलपासून ते कोरडं होतं.

आमच्या खड्ड्यावरून पाणी ओसंडत होतं. शेजारच्या किराणा दुकानवाल्या काकू वाटीने ते बादलीत भरत होत्या.

"या मॅडम! मशीन तुमची गाऊन राहिली अन् पाणी आमच्या दारात. उदगीर जिल्हा व्हायच्या आधीच नदी आणली की तुम्ही!"

वरून उतरते सूर ऐकू येत होते. एकसारखे. खड्डा तुडुंब आणि मशीन सांगतेय, बंद.

मी जिन्याकडे धावत ओरडले, "मोटर लाव!"

"उतरता वाजतोय, आई! जळेल!" वरून मुलीचा रडवेला आवाज आला.

मी दोन दोन पायऱ्या चढून गेले. ती बाळाला खांद्याशी धरून बटणापाशीच उभी होती, कधीपासून कोण जाणे. मी बटण दाबलं. मोटरने पाणी ओढलं. खाली येऊन मी खड्ड्याकडे बघत हाक द्यायची आणि तिने बटण दाबायचं, असं तीनदा केलं. चौथ्यांदा नळ फसफसला आणि थांबला. टाकी अर्धी झाली होती.

नळाला पाण्याआधी आणि मधूनमधून पाण्यातूनही हवा येते, हे गल्लीतल्या लेकरांनाही माहीत आहे. त्या हवेच्या धक्क्याने भरत आलेल्या खड्ड्यात पाणी उसळलं, काठाचा फ्लोट एकाऐवजी दोनदा हलला आणि स्विच एक घर जास्त सरकला. मुलीने मोटर चालू केली, लगेच बंद केली. मी तांब्याने पाणी सोडलं होतं. तांब्यात हवा नसते.

"सासूबाईंना टाकी पूर्ण भरली म्हणून सांग ना," मुलगी म्हणाली.

अर्ध्या टाकीत बारा दिवस निघत नव्हते. मी फोन लावला आणि खरं ते सांगितलं. विहीणबाई म्हणाल्या, "उद्या येते. अन् ताई, मशीन कशाला धरता? बादली धरायची." दुसऱ्या दिवशी जीप आली. बाळाचं दुपटं मीच गुंडाळून दिलं. मुलगी माझ्याकडे बघत नव्हती.

मी नवी वायर आणली. तळाच्या फ्लोटची टिचकी वेगळी काढून स्विचच्या रिसेटला दिली. आता मध्ये कितीही चुकलं तरी खड्डा रिकामा झाला की स्विच उतरत्या सुरांच्या घरावरच येणार. काठाच्या फ्लोटभोवती डबा बसवला, म्हणजे उसळी लागणार नाही. पुढच्या पाळीला रजा टाकून जिन्यात बसले. बटणावर बोट, कान सुरांकडे, आणि दर सुरानंतर खाली जाऊन खड्डा बघून येत होते. एकदाही चुकलं नाही. टाकी काठोकाठ भरली.

नांदेडला फोन केला. विहीणबाईंनी सगळं ऐकून घेतलं. "बरं. मग रविवारी आणून सोडू का दोघांना?"

होकार ओठांवर आला होता. पण टबातही वीस वेळा बरोबर वाजलं होतं. वर मशीन गप्प होती. खाली खड्डा कोरडा होता.

"आणखी एक पाळी जाऊ द्या," मी म्हटलं.