बोर्डवालीचा वर्ग

नवऱ्याचे गुडघे गेले आणि बोर्डवालीला शिडी मिळाली. तोवर ती खाली उभी राहून रंगाचे डबे धरायची आणि वर चढलेल्या नवऱ्याला सांगायची, "तो काना वाकडा चाललाय." नवरा म्हणायचा, "तुला काय कळतंय?" आणि गुपचूप काना सरळ करायचा. आता निम्म्या बाजाराच्या पाट्या तिच्या हातच्या.

पुढं तिनं बायकांना हे काम शिकवायला घेतलं. अकरा जणी जमल्या. वर्ग तिच्या परसात, सावली सरकेल तसा सरकत. वारा सुटला की ओल्या रंगावर धूळ बसायची आणि दिवसभराचं शिक्षण मातीत.

गल्लीच्या टोकाला महिला विकास मंडळाची खोली होती. चार भिंती, पंखा आणि आत पत्त्यांचा डाव. मंडळ महिलांचं, पदाधिकारी मात्र अकराच्या अकरा बापे. बायकांचा विकास एवढी जोखमीची गोष्ट, ती बायकांच्या हाती कशी द्यायची?

अध्यक्ष बोर्डवालीचा चुलत दीर. वर्गाला खोली मागितली तर म्हणाला, "बघू की वहिनी, विषय मीटिंगमध्ये घेतो." दीड वर्ष झालं, विषय मीटिंगमध्येच बसून होता. त्यालाही पंखा मानवला असावा.

मग मंडळाचा वर्धापनदिन आला आणि अध्यक्षांना वहिनी आठवली.

"तेवढी मंडळाची पाटी रंगवून द्या. आम्हा अकरा जणांची नावं ठळक टाका. समाजकार्य आहे, मजुरीचं मनात आणू नका."

"नाही आणत. पण फुकटातलं काम माझ्या शिकाऊ बायका करतील. महिलांचंच मंडळ ना?"

"वा! भाषणात घेतो हे."

मंडळाचं नाव बोर्डवालीनं रंगवलं, दोरी मारून, सरळसोट. खाली अकरा जणींनी एकेक पदाधिकारी वाटून घेतला.

"ही देखणी पाटी आमच्या भगिनींची कला आहे," असं अध्यक्षांनी माइकवर सांगितलं आणि मग पाटीवरचा कागद ओढला. त्यांचं स्वतःचं नाव ऐसपैस सुरू होऊन शेवटी कडेला चेंगरलं होतं. उपाध्यक्ष उताराला लागले होते. खजिनदार तर ओघळून सचिवांच्या डोक्यावर आले होते. समोरच्या मंडळींना एकदम खोकला लागला.

"वहिनी, हे काय करून ठेवलंय?"

"शिकताहेत हो भाऊजी. परसातल्या वाऱ्यात हात बसत नाही. भिंतीआड बसला असता."

"मग तुम्ही रंगवा."

"मी रंगवली की मजुरी पडते."

मजुरी म्हटल्यावर अध्यक्षांनी तिथंच मीटिंग बोलावली. दीड वर्षाचा विषय चहा निवायच्या आत मंजूर झाला आणि दुसऱ्या दिवशी सकाळी किल्ली घरपोच आली. अट एकच, पाटी नीट करायची.

नीट करणं चालूच आहे. वर्गात नवी बाई आली की पहिला धडा अध्यक्षांच्या नावाचा. हात बसला की तिला बाजारातलं काम मिळतं आणि अध्यक्ष पुढच्या नवखीकडं जातात. परवा तिसऱ्यांदा रंगले. येता-जाता मान तिरकी करून ते स्वतःचं नाव वाचतात.